पाच कोटी वर्षांचं डोकं, कालपरवाची शेपटी

माझी सगळी नोकरी मासे साफ करण्यात गेली आणि आजतागायत मी एकही मासा खाल्लेला नाही. लग्न ठरताना सासऱ्यांनी विचारलं, "आपण करता काय?" मी खरं ते सांगितलं, "मासे साफ करतो." सदाशिव पेठेतल्या त्या बैठकीत पोह्यांचे चमचे जागच्या जागी थांबले. माझ्या काकांनी घाईघाईनं "अहो, दगडातले, दगडातले!" असा खुलासा केला, पण त्यानं प्रकरण आणखी बिघडलं. मुलगा कोळ्याचं काम करतो इथपर्यंत एक वेळ ठीक होतं, आता त्याच्या डोक्याचीही चौकशी करणं आलं. शेवटी नोकरीला पेन्शन आहे असं कळल्यावर लग्न झालं.

मी होतो एका जुन्या शिक्षणसंस्थेच्या भूशास्त्र संग्रहालयात. हुद्दा 'प्रयोगशाळा सहायक'. काम म्हणजे जीवाश्म दगडातून सोडवायचे. मासा मेला, समुद्राच्या तळाशी गाळात रुतला, वर गाळाचे थर चढत गेले, गाळाचा दगड झाला आणि हाडांचाही दगड झाला. आता दगडातून दगड वेगळा करायचा, तो नको असलेला आणि हा हवा असलेला. त्यासाठी लागतं एक सूक्ष्मदर्शक, दंतवैद्यानं टाकून दिलेल्या सुया, मऊ ब्रश, हाड भुसभुशीत असेल तर त्यात मुरवायला पातळ गोंद, आणि शिंक आवरण्याची ताकद. दिवसभर मान मोडून काम केलं की नखाएवढं हाड मोकळं होतं. बायको विचारायची, "आज काय केलंत?" मी म्हणायचो, "एक गाल." ती म्हणायची, "उद्या दुसरा करा आणि येताना कोथिंबीर आणा."

गंमत म्हणजे पुण्याच्या दगडात मासा सापडत नाही. आपला काळा दगड हा थंड झालेला लाव्हा, त्यात कोण कशाला पोहायला जाईल? आमचे सगळे मासे बाहेरगावचे. तरीही लोक दगड घेऊन यायचेच. खराडीच्या एका आयटी कंपनीतला तरुण पाठीवरच्या सॅकमधून गोल धोंडा काढून म्हणाला, "सर, हे डायनोसॉरचं एग आहे, हंड्रेड पर्सेंट. खडकवासल्याच्या मागे ट्रेकला गेलो होतो, तिथे मिळालं." मी म्हटलं, हा लाव्हाचा गोटा आहे, पाण्यानं गोल झालाय. "पण सर, एआयला फोटो दाखवला, तो पण एग म्हणतोय." मी म्हटलं, "मग उबवायलाही त्यालाच द्या." एक निवृत्त गृहस्थ तर रुमालात गुंडाळून एक खडा घेऊन आले आणि याचं वय सांगा म्हणाले. मी भिंगातून बघितला आणि विचारलं, "आपलं वय काय?" ते म्हणाले, "एकाहत्तर." "मग हा त्याच्या आतला आहे. मुतखडा आहे हा." ते म्हणाले, "ते मला माहीत आहे, माझाच आहे. तुम्हाला ओळखता येतो का ते बघत होतो." हे पुण्यातच होऊ शकतं.

असो. सांगायचं आहे ते कर्णिक बाईंच्या माशाबद्दल.

कर्णिक बाई म्हणजे आमच्या विभागातल्या माशांच्या तज्ज्ञ. बारीक चण, कॉटनची साडी, आणि जीभ अशी की प्राचार्यसुद्धा त्यांच्या टेबलापुढे उभं राहून बोलायचे. त्या सीकेपी. जेवणाच्या डब्यात आठवड्यातून दोनदा तरी सुरमई असायचीच. मी समोर बसून बटाट्याची भाजी खायचो आणि त्या काटा काढता काढता मला शिकवायच्या, "हे बघा लिमये, हा मणका. सकाळी तुम्ही जो सोडवत होतात ना, तोच." माझं अर्धं शिक्षण त्यांच्या उष्ट्या ताटलीवर झालं आहे.

गोदामातल्या जुन्या संग्रहाच्या पेट्या उघडता उघडता बाईंना तो मासा सापडला. कुणी, कधी आणला, काही नोंद नाही. दगडावरून एवढंच कळत होतं की कच्छकडचा असावा, पाचएक कोटी वर्षांपूर्वीचा. हातभर लांबीची पाटी आणि तिच्यावर आडवा पसरलेला, कुणीतरी आधीच साफ करून ठेवलेला अख्खा मासा. बांगडा, सुरमई आणि कुपा, म्हणजे तो डब्यातला ट्यूना, हे सगळे एका कुळातले. हा त्यांचा फार जुना पूर्वज. डोकं बघितल्याबरोबर बाई म्हणाल्या, "इओसीलोपोमा." मला वाटलं घसा साफ करतायत. ते या कुळातल्या एका नामशेष झालेल्या प्रजातीचं नाव निघालं. परदेशात बरीच वर्षं माहीत असलेली प्रजाती आहे ती.

पण शेपटी बघून बाई थांबल्या. इओसीलोपोमाच्या शेपटीच्या मुळाशी हाडं सुटीसुटी हवीत. जुनं घराणं, अजून घडी बसलेली नाही. इथं मात्र ती एकजीव होऊन पंख्यासारखी झालेली, वर रेखीव काटे, शेपटीच्या आधी त्या कुळात असतात त्या छोट्या छोट्या परांची ओळ. अगदी आजच्या वेगवान माशासारखी. पाच कोटी वर्षांचं डोकं आणि कालपरवाची शेपटी! याचा अर्थ ही नवी प्रजाती.

बाहेरच्यांसाठी सांगतो, शास्त्रात प्रत्येक जिवाला दोन नावं असतात. दुसरं त्याचं स्वतःचं, पहिलं आडनावासारखं. ते आडनाव म्हणजे प्रजाती. नव्या आडनावाचा मासा जगापुढे आणायचा हे आयुष्यात एकदा होतं, बहुतेकांच्या एकदाही होत नाही. बाईंची निवृत्ती जवळ आली होती. त्यांनी आयुष्यभर दुसऱ्यांनी ठेवलेल्या नावांचे मासे ओळखले, दुसऱ्यांच्या चुका दुरुस्त केल्या. स्वतःची म्हणावी अशी प्रजाती हीच. मला एकदाच बोलून दाखवलं होतं, "मुलं नाहीत लिमये, म्हणजे बारसं असं हे एकच." आणि लगेच "तुमचा चहा गार होतोय" म्हणून मला घालवून दिलं.

आता बारसं म्हटल्यावर नाव आलं आणि नाव म्हटल्यावर खराडीचे बाळासाहेब आले. त्यांच्या घराण्याच्या ज्वारीच्या रानात आता काचेच्या इमारती उभ्या आहेत. आमच्या संग्रहालयाचं गळकं दालन ते नवीन बांधून देणार होते. त्यांनी मासा बघितला, बाईंचं बोलणं ऐकलं आणि म्हणाले, "बाई, एकच मागणं हाय. माशाला आमच्या आबांचं नाव द्या. सोपानराव." आमच्या संग्रहालयाच्या संचालकांनी बाईंच्या आधी होकार दिला. बाईंनी कपाळाला आठ्या घातल्या, पण दालन खरोखरच गळत होतं. 'सोपानिक्थिस' ठरलं, इक्थिस म्हणजे ग्रीकमध्ये मासा. शोधनिबंध लिहून झाला, परदेशी मासिकाकडे गेला, स्वीकारलासुद्धा गेला. इकडे खराडीच्या चौकात फ्लेक्स लागला: डावीकडे फेटा बांधलेले आबा, उजवीकडे मासा, मध्ये 'अभिनंदन! अभिनंदन!! अभिनंदन!!!' कोण कोणाचं अभिनंदन करत होतं ते स्पष्ट नव्हतं.

आणि मग एका सोमवारी बाई आल्या त्या पर्ससकट माझ्या टेबलाशी.

"लिमये, ती शेपटी मी काल बाजारात बघितली."

मला काहीच कळेना. झालं होतं असं की बाईंची नेहमीची कोळीण घरी मासा द्यायची तो तुकडे करून. शेपटी तिथेच कापून मांजराला. त्या रविवारी ती आली नाही म्हणून बाई कितीतरी वर्षांनी स्वतः गणेश पेठेतल्या मासळीबाजारात गेल्या आणि फळीवर अख्खी सुरमई आडवी पडलेली बघून जागच्या जागी उभ्या राहिल्या. मागची बाई "घ्यायची नसंल तर सरका" म्हणेपर्यंत उभ्याच.

"पूर्वजासारखा दिसणारच की वंशज," मी म्हटलं.

"सारखी नाही हो. तीच. परांची संख्या तीच, काट्यांतलं अंतर तेच. जन्मभर सुरमई खाल्ली मी, शेपटीकडे कधी बघितलं नाही. आणि आता सूक्ष्मदर्शकाखाली बघा जरा. प्रत्येक काटा कसा एकसारखा आहे. निसर्ग इतका टापटिपीचा नसतो."

खरं सांगतो, मला सुई लावायची नव्हती. मी म्हटलं, निबंध गेलाय, फ्लेक्स लागलाय, दालनाचे खांब उभे राहिलेत, आता कशाला उकरायचं? बाई म्हणाल्या, "उकरणं हाच आपला धंदा आहे. चला." काट्याच्या अगदी टोकाला मी सुई टेकवली. हाड असतं तर करकर लागलं असतं. सुई आत गेली. बाहेर आली ती पांढरी भुकटी. प्लास्टर.

आमच्या दोघांच्याही तोंडून एकच नाव आलं: तांबे मामा.

तांबे मामा आमच्या संग्रहालयाचे जुने प्रतिकृतीकार. मूळचे पेणचे, गणपतीच्या कारखान्यात वाढलेले. त्यांचा हात असा की त्यांनी रंगवलेल्या प्लास्टरच्या खेकड्याला झाडूवाल्या बाई हात लावत नसत. मी नोकरीला लागलो आणि ते निवृत्त झाले, पण अधूनमधून येत राहायचे. आता खडकीला मुलाकडे असतात, मुलगा दारूगोळ्याच्या कारखान्यात. त्याच्या क्वार्टरमध्ये बाई आणि मी दुसऱ्या दिवशी जाऊन थडकलो. मामा खुर्चीत बसले होते, वयानं आटलेले, कान गेलेला, हात मात्र स्थिर. बाईंनी मोबाईलवर माशाचा फोटो दाखवला. मामांचा चेहरा उजळला.

"अरे वा! ठेवलात का बाहेर? किती वर्षं पेटीत होता बिचारा."

"शेपटी तुम्ही केलीत का मामा?" बाई मोठ्यानं म्हणाल्या.

"मग? शेपटी होती कुठं? तुटकीच आली पाटी. खंडित वस्तू पुढं कशी ठेवायची बाई? आमच्या कारखान्यात गणपतीचा नुसता कान दुखावला तरी मूर्ती गिऱ्हाइकाला देत नसत. मी डबा घेऊन मासळीबाजारात गेलो, एक अख्खी सुरमई आणली, समोर ठेवून केली. तीन वेळा मोडली, मनासारखी होईना. वास सुटला तेव्हा साहेब ओरडले." मामा हसले. "बरी झालीय ना?"

"उत्तम झालीय," बाई म्हणाल्या.

त्यांनी काही सांगितलं नाही. ना निबंधाचं, ना नावाचं. मामांच्या सूनबाईंनी चहा दिला तो प्यायल्या. निघताना उंबरठ्यात वळून एकच विचारलं, "मुळाशी काहीच नव्हतं का मामा? अगदी काहीच?"

मामांनी आठवलं. "होतं की. बोटभर होतं. पण ओबडधोबड, म्हणून झाकून टाकलं."

आम्ही रिक्षात बसलो. त्या बोटभरावर काय अवलंबून आहे हे मला कळत होतं. मामांनी झाकलेलं ते मूळ खरं होतं. तिथली हाडं एकजीव निघाली तर बाकी शेपटी गेली तरी प्रजाती नवीच राहणार होती. सुटी निघाली तर मासा परत इओसीलोपोमा, आणि बाईंचं बारसं संपलं. विद्यापीठाच्या चौकात सिग्नलला थांबलो तेव्हा मी मनातल्या मनात, ज्याचा माझ्या घराण्याशी कधी संबंध आला नाही अशा त्या माशासाठी गणपतीला नवस बोललो. काय बोललो ते सांगत नाही, फेडायची वेळ आली नाही.

संचालक म्हणाले, दालनाच्या उद्घाटनाच्या कार्यक्रमानंतर बघू. बाई म्हणाल्या, "कार्यक्रमानंतर मी निवृत्त होईन आणि तुम्ही विसराल." मग त्या माझ्या शेजारी स्टूल घेऊन बसल्या आणि मी प्लास्टर उतरवायला घेतलं. इतकं सुंदर काम मी हातानं मोडत होतो. मामांनी पहिल्यांदा पांढरा थर दिला होता, त्यावर दगडी रंगाचा, त्यावर हाडाच्या रंगाचा, आणि मध्ये मध्ये बारीक तडेसुद्धा मुद्दाम घातले होते. बाई अधूनमधून म्हणायच्या, "कसला हात आहे हो." शिव्या देत असतील असं वाटून मी बघितलं, तर नाही, खरंच कौतुक करत होत्या. शेवटचा पापुद्रा निघाला तसा मी ब्रश फिरवला आणि बाजूला सरकलो. आधी मी बघायचं नाही, हे मी ठरवलं होतं.

बाई सूक्ष्मदर्शकावर वाकल्या.

"सुटी आहेत," त्या म्हणाल्या. "एकेक मोजून घ्या. काय सुरेख आहेत बघा. ओबडधोबड म्हणे!"

मी बघितलं. छोटी, वेडीवाकडी, एकमेकांना न चिकटलेली हाडं. पाठ्यपुस्तकात असावीत तशी. मला रडू आलं, सरळ सांगतो. बाईंनी पर्समधून रुमाल काढून माझ्यापुढे टाकला आणि म्हणाल्या, "नमुन्यावर पाणी पाडू नका." त्याच दुपारी त्यांनी निबंध मागे घेत असल्याची मेल पाठवली.

बाळासाहेबांना सांगायला संचालक गेले नाहीत. त्यांना अचानक सर्दी झाली. बाई मला घेऊन खराडीला गेल्या आणि सगळं सरळ सांगून टाकलं. बाळासाहेब उभे राहिले.

"आवो बाई, चौकात आबांच्या शेजारी मासा लावलाय मी! आबा माळकरी! आत्याबाई आठ दिस बोलली न्हाई माझ्याशी. तिला म्हणलं, शास्त्राचं काम हाय, गप बस. आन् आता तुमी म्हणताय मासाच त्यो न्हाई?"

"मासा तोच आहे. नाव आधीच ठेवलेलं आहे. फार पूर्वी, दुसऱ्या कुणीतरी. पहिलं ठेवलेलं नाव तेच चालतं, असा नियम आहे. आपल्याला बदलता येत नाही."

बाळासाहेब खाली बसले. त्यांनी विचार केला. "म्हंजी सातबारा आदीच दुसऱ्याच्या नावावर हाय."

"अगदी बरोबर."

"आन् तुमाला कळलं तवा कुणाला ठावं न्हवतं?"

"आम्हा दोघांना सोडून कुणालाच नाही."

आयुष्यभर जमिनीचे व्यवहार केलेला माणूस, असा प्रकार त्यांनी बघितला नसावा. "च्यायला," ते म्हणाले, मग बाईंपुढे शिवी गेली म्हणून कान पकडले. "आवो, मला येऊन कशापायी सांगितलं मग?" बाई म्हणाल्या, "आबांचं नाव खोट्या शेपटीवर कशाला?" त्यावर बाळासाहेबांनी आतल्या दाराकडे तोंड करून हाक मारली, "आत्ये! फ्लेक्स उतरवतोय गं!" आणि आमच्यासाठी जेवणाची पानं मांडायला लावली. दालन बांधून दिलं. त्याला आबांचं नाव आहे. मासा मात्र आत इओसीलोपोमा म्हणूनच आहे आणि बाळासाहेब पाहुण्यांना ते नाव आता न अडखळता सांगतात, माझ्यापेक्षा बरं.

दालनाचं उद्घाटन आणि बाईंचा निरोप एकाच दिवशी उरकला. संस्थांची काटकसर अशीच असते. सनई, हार, संचालकांचं लांबलेलं भाषण. त्यात त्यांनी बाईंची 'सचोटी' असा शब्द वारंवार वापरला, सर्दी मात्र वगळली. तांबे मामांना त्यांचा मुलगा खडकीहून गाडीत घालून घेऊन आला होता. मी त्यांना टाळत होतो. मोडणारा हात माझा होता ना! पण मामा काठी टेकत टेकत बरोबर त्या काचेच्या कपाटापाशी गेले. आत दिव्याखाली मासा होता, तुटक्या पाटीवर, शेपटीच्या जागी बोटभर हाडं आणि पुढे नुसता दगड. मामांनी काचेला नाक टेकवून बघितलं. मग त्यांनी हारात गुदमरलेल्या बाईंना हाक मारली.

"बाई, शेपटी काढलीत?"

बाई जवळ आल्या. "हो मामा."

"का हो? वाईट झाली होती का?"

मला वाटलं आता सांगतील. निबंध, नाव, बारसं, सगळं. सांगायचा हक्क त्यांचा होता. बाईंनी मामांच्या कानाशी वाकून, एकेक शब्द सुटा करून म्हटलं, "नाही मामा. फार चांगली झाली होती."

"मग राहू द्यायची होतीत की."

"हो ना," बाई म्हणाल्या. "मला पण तसंच वाटत होतं."